ग्राम बाल शिक्षा केंद्र : बोर्डीच्या अंगणापासून कोसबाडच्या टेकडीपर्यंत

२४ डिसेंबर १९४५ रोजी बोर्डीत एक बालवाडी सुरू झाली. ती सुरू करणाऱ्या ताराबाई मोडक तेव्हा ५३ वर्षांच्या होत्या आणि बालशिक्षणात त्यांचे नाव सर्वदूर झालेले होते. त्यांच्यासोबत आलेल्या अनुताई वाघ ३५ वर्षांच्या होत्या. शाळेत शिकवण्याचा अनुभव त्यांच्या गाठीशी होता, पण इतक्या लहान मुलांचे शिक्षण त्यांना नवे होते. या दोघींनी उभ्या केलेल्या ग्राम बाल शिक्षा केंद्राच्या कामाला डिसेंबर २०२५ मध्ये ८० वर्षे पूर्ण झाली.

संस्थेचा इतिहास लिहायला घेतला की इमारती, अनुदाने, पाहुणे आणि मानसन्मान यांची जंत्री आपोआप तयार होते. या केंद्राच्या बाबतीत तेवढ्याने भागत नाही. त्याचे खरे काम या भागातल्या पाड्यांवरच्या घरांच्या रोजच्या दिवसात घडले. सकाळी मजुरीला निघालेल्या आईने तान्हे मूल कोणाकडे ठेवायचे? गुरांमागे जाणाऱ्या मुलाने अक्षर कधी गिरवायचे? धाकट्या भावाला कडेवर घेऊन फिरणाऱ्या आठ वर्षांच्या मुलीने शाळेत यायचे कसे? केंद्राने हे प्रश्न शिक्षणाच्या आड येणाऱ्या अडचणी म्हणून बाजूला ठेवले नाहीत. शिक्षणाची आखणीच या प्रश्नांपासून केली. पुढचा सगळा इतिहास त्या आखणीचा आहे.

१९४५ सालचा हा मुलूख

बोर्डी आज ज्या डहाणू तालुक्यात आहे, तो त्या वेळी ठाणे जिल्ह्यात होता. आजचा तलासरी तालुका तेव्हाच्या उंबरगाव तालुक्याचा भाग होता. १९६० मध्ये महाराष्ट्र आणि गुजरात वेगळे झाले, उंबरगाव गुजरातकडे गेले आणि तलासरी महाराष्ट्रात राहिले. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा झाल्यावर डहाणू आणि तलासरी हे दोन्ही तालुके त्यात आले.

किनाऱ्यालगत बोर्डी, घोलवड, डहाणू ही वाड्यांची आणि मासेमारीची गावे. रेल्वेमार्ग ओलांडून पूर्वेला गेले की जंगल, डोंगर आणि दूरदूर विखुरलेले पाडे सुरू होतात. तिथे वारली, कोकणा, धोडिया, दुबळा, काथोडी या समाजांची वस्ती. जमीन आणि गवताचा व्यापार सावकार-जमीनदारांच्या हातात होता. लग्नासाठी कर्ज काढायचे आणि ते फेडण्यासाठी नवराबायकोने सावकाराकडे राबायचे, या पद्धतीला लग्नगडी म्हणत. शिवाय मालकाचा निरोप आला की बिनमजुरीची वेठ होतीच.

ही स्थिती बदलण्याचा मोठा उठाव त्याच वर्षी झाला. २३ मे १९४५ रोजी तलासरीजवळच्या झरी गावात गोदावरी आणि शामराव परुळेकर यांच्या पुढाकाराने हजारो आदिवासी किसान सभेच्या परिषदेला जमले. वेठ करायची नाही आणि लग्नगडी म्हणून राहायचे नाही, असा निर्धार तिथे झाला. पुढे ५०० पौंड गवत कापण्यासाठी अडीच रुपये मजुरी मिळावी म्हणून संप झाला. १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाडा येथे जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. त्यात जेठ्या गांगड यांच्यासह पाच जण हुतात्मा झाले.

त्यानंतर अडीच महिन्यांनी बोर्डीची बालवाडी सुरू झाली. परुळेकर दांपत्याची वाट लाल बावट्याची होती, ताराबाई-अनुताईंची वाट गांधीविचाराच्या परंपरेतून आलेली होती. दोन्ही कामे वेगवेगळी चालली. तरीही या भागाचा इतिहास सांगताना त्यांना शेजारी ठेवावेच लागते. आईबापांचा दिवस सावकाराच्या मालकीचा असेपर्यंत मुलाची सकाळ त्याची स्वतःची होऊ शकत नव्हती. वेठ मोडली तेव्हा घराला आपल्या वेळेवर हक्क मिळू लागला. त्या वेळेत मुलासाठी काय करता येईल, याचा शोध बालवाडीने घेतला.

बोर्डीची भूमीही त्यासाठी काही प्रमाणात तयार होती. सुनाबाई पेस्तनजी हकीमजी हायस्कूलमुळे हे गाव शिक्षणाचे ठिकाण झाले होते. आचार्य शंकर रामचंद्र भिसे यांच्यासारखे शिक्षक तिथे होते. बाळासाहेब खेर यांनी स्थापन केलेल्या आदिवासी सेवा मंडळाच्या कामातही भिसे यांचा मोठा वाटा होता. शहर सोडून खेड्यात प्रयोग करू पाहणाऱ्या ताराबाईंना अशा गावात पाय रोवता आले.

दोन संस्थापिका

ताराबाईंचा जन्म १९ एप्रिल १८९२ रोजी मुंबईत झाला. त्या मुंबई विद्यापीठाच्या पदवीधर होत्या. राजकोटच्या महिला अध्यापन संस्थेत त्यांनी काम केले. भावनगरच्या दक्षिणामूर्ती संस्थेत गिजुभाई बधेका यांच्यासोबत त्यांनी बालशिक्षणाला वाहून घेतले. १९२६ मध्ये नूतन बाल शिक्षण संघ स्थापन झाला आणि १९३६ मध्ये दादरला शिशुविहार सुरू झाले. माँटेसोरी पद्धतीचे मर्म त्यांनी पुरते आत्मसात केले होते. मूल स्वतःच्या हातांनी आणि इंद्रियांनी शिकते, मोठ्यांनी त्याच्या वाटेत फार लुडबुड करायची नसते, हे त्यांना पटलेले होते. पण या पद्धतीची साधने महाग होती आणि शाळा शहरातल्या सुखवस्तू घरांपुरत्या राहिल्या होत्या. गरिबातल्या गरीब मुलाला हे शिक्षण कसे मिळेल, हा प्रश्न घेऊन त्या बोर्डीला आल्या.

अनुताईंचा जन्म १७ मार्च १९१० रोजी मोरगावला झाला. तेराव्या वर्षी लग्न आणि सहा महिन्यांच्या आत वैधव्य. त्या काळच्या रीतीप्रमाणे त्यांचे आयुष्य घराच्या कोपऱ्यात संपायचे. त्यांनी शिक्षण घेतले आणि शिक्षिका झाल्या. नाशिक जिल्ह्यातल्या चांदोरीला आणि पुढे पुण्याच्या हुजूरपागेत त्यांनी शिकवले. नोकरी करता करता रात्रशाळेत जाऊन १९३७ मध्ये मॅट्रिक झाल्या. १९४५ मध्ये बोरिवलीला कस्तुरबा ट्रस्टचे ग्रामसेविका शिबिर झाले. तिथे त्यांची ताराबाईंशी गाठ पडली आणि पुण्याची स्थिर नोकरी सोडून त्या बोर्डीला आल्या. पुढची ४७ वर्षे, म्हणजे २७ सप्टेंबर १९९२ रोजी निधन होईपर्यंत, त्या याच कामात राहिल्या. १९६१ मध्ये, वयाच्या ५१ व्या वर्षी, त्या पदवीधर झाल्या. शिकायला वयाची आणि वेळेची अट नसते हे त्यांनी स्वतः जगून पाहिले होते. केंद्राच्या रात्रशाळेत थकूनभागून येणाऱ्या मुलांकडे त्या कोणत्या नजरेने पाहत असतील, हे यावरून कळते.

अंगणात भरलेली बालवाडी

बोर्डीच्या बालवाडीने पहिला धडा शिकवणाऱ्यांनाच दिला. गावातली बरी परिस्थिती असलेली मुले बालवाडीत येऊ लागली. ज्यांच्यासाठी हा खटाटोप होता ती दलित वस्तीतली आणि आदिवासी पाड्यांवरची मुले मात्र येईनात. कारणे उघड होती. आईबाप पहाटेच कामाला जात, मुलांना आणून सोडणारे कोणी नसे. अंगावर धड कपडा नसे. गावाने आखलेल्या जातीच्या रेषा होत्याच, आणि त्या ओलांडून गावाच्या मध्यभागी असलेल्या बालवाडीत मूल पाठवायला आईचा धीर होत नसे.

अशा वेळी संस्था बहुधा पालकांच्या उदासीनतेचा ठपका लिहून मोकळ्या होतात. ताराबाईंनी बालवाडीच उचलून वस्तीत नेली. शिक्षिका पाड्यावर जात, एखाद्या घरासमोरचे सारवलेले अंगण मागून घेत आणि आजूबाजूची मुले गोळा करत. आधी आंघोळ, केस विंचरणे, नखे कापणे; मग गाणी, गोष्टी, खेळ. घरी राहिलेली म्हातारी माणसे दारात बसून हे सारे पाहत. शाळा नावाच्या परक्या ठिकाणी काय चालते याची भीती त्या पाहण्यातून गेली. दुपारी कामावरून परतलेल्या आईला मूल स्वच्छ दिसे आणि ते एखादे नवे गाणे म्हणत असे.

हीच अंगणवाडी. तिला वेगळी इमारत लागत नव्हती. अंगण घराचे होते, त्यामुळे घरच्यांच्या नजरेखाली सगळे चाले आणि बाईंना त्या घराची अडचण, आजार, भूक डोळ्यांनी दिसे. मुलाचे शिक्षण आणि घराचे जगणे यांच्यामधली भिंतच तिथे नव्हती. समाजकेंद्र म्हणून आज आपण ज्याची कल्पना करतो, त्याचे या भागातले सर्वात साधे आणि सर्वात टिकाऊ रूप हे होते.

कोसबाड आणि विकासवाडी

१९५६-५७ च्या सुमारास केंद्र बोर्डीहून कोसबाडला आले. डहाणू तालुक्यातल्या या टेकडीवर गोखले एज्युकेशन सोसायटीची शेतकी संस्था होती. पुढे जयंतराव पाटील यांच्या काळात तिचे आदिवासी शेतकऱ्यांमधले काम नावारूपाला आले. टेकडीच्या भोवती वारली पाडे होते. बोर्डीत आदिवासी मुले प्रयत्नाने गाठावी लागत, कोसबाडला केंद्रच त्यांच्यामध्ये येऊन बसले.

१९५७ मध्ये इथे विकासवाडीचा प्रयोग सुरू झाला. त्यामागचे निरीक्षण अगदी सरळ होते. प्राथमिक शाळेचा पट भरलेला असतो आणि वर्ग रिकामा असतो. मुली का येत नाहीत याची चौकशी केली की एकच उत्तर मिळे : घरी धाकटे भावंड आहे, त्याला कोण सांभाळणार? तान्ह्याला घेऊन शाळेत यावे तर शाळा परत पाठवते. म्हणजे सहा ते दहा वर्षांच्या मुलीचे शिक्षण दीड वर्षाच्या बाळापाशी अडलेले होते.

विकासवाडीत पाळणाघर, बालवाडी आणि प्राथमिक शाळा एकाच आवारात आली. बहीण धाकट्या दोघांना घेऊन येई. तान्हे पाळण्यात, मधले बालवाडीत आणि ती स्वतः वर्गात. मोठी मुले पाळणाघरात मदत करत आणि त्यातून बाळाची निगा, स्वच्छता, खाऊपिऊ घालणे हेही शिकत. बालवाडीतले मूल शेजारचा वर्ग रोज पाहत असे, त्यामुळे पहिलीत जाताना त्याला दडपण येत नसे.

या रचनेचे महत्त्व शिक्षणापलीकडचे आहे. घरातल्या मुलांची तीन वेगवेगळ्या योजनांमध्ये वाटणी करायची आणि आईने तीन ठिकाणी धावायचे, ही सरकारी कामाची नेहमीची रीत. विकासवाडीने घर हे एकक मानले. तीन भावंडे एकत्र घराबाहेर पडतात आणि एकत्र परततात. त्यामुळे आईला निश्चिंतपणे मजुरीला जाता येते, भावंडांतली थोरली शिकते आणि धाकटे उपाशी रडत बसत नाही. एका कुटुंबाचा अख्खा दिवस त्यातून बदलतो.

गुरांमागची शाळा

विकासवाडीनंतरही काही मुले उरलीच. ती सकाळी गुरे घेऊन माळावर जात आणि संध्याकाळी परतत. गुरे राखणे ही घराची गरज होती आणि बऱ्याचदा त्याच्या मोबदल्यात मुलाला खायला मिळे. सक्तीच्या शिक्षणाचा कायदा दाखवून हा प्रश्न सुटणारा नव्हता. म्हणून शिक्षिका झोळीत पाट्या, पुस्तके आणि साहित्य घेऊन कुरणात गेली. तीच कुरणशाळा.

गुरे चरत असताना झाडाखाली मुले जमत. एखादे वासरू दूर गेले की एक जण उठून वळवून आणी आणि परत येऊन बसे. या मुलांना झाडांची, पाखरांची, गवताच्या जातींची माहिती शिक्षिकेपेक्षा अधिक होती. निसर्ग-अभ्यासाचा तास त्यांच्याच माहितीवर चाले. मोजणी आणि हिशेब समोरच्या गुरांवरून, चिंचोक्यांवरून होई. ओढ्यावर आंघोळ, मातीकाम, गाणी, मग अक्षरओळख असा क्रम लागे. ज्यांना दिवसा कुरणातही जमत नसे त्यांच्यासाठी रात्रीची शाळा होती.

अंगणवाडी, विकासवाडी, कुरणशाळा आणि रात्रशाळा हे चार स्वतंत्र उपक्रम म्हणून अहवालात लिहिले जातात. खरे तर ते एकाच पाड्यावरच्या मुलांच्या चार परिस्थिती आहेत. मूल जिथे आणि ज्या वेळी सापडते तिथे आणि त्या वेळी शिक्षण पोहोचवायचे, हे एकच सूत्र या चारही उपक्रमांत आहे.

चिंचोके, शिंपले आणि वारली बोली

ताराबाईंनी माँटेसोरीचे तत्त्व ठेवले आणि महागडी साधने बाजूला ठेवली. चिंचोके, सागरगोटे, शंख-शिंपले, नदीतले गोटे, करवंट्या, बांबूच्या नळ्या, पळसाची आणि सागाची पाने, माती, बिया ही कोसबाडची साधने. लहान-मोठे, हलके-जड, गुळगुळीत-खरखरीत हे सारे यांतून शिकता येते. काही हरवले तर मूल स्वतः जाऊन दुसरे आणते. पैसा वाचला हे तर झालेच. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे घरी गेल्यावरही मुलाभोवती तीच साधने पसरलेली असत आणि शिकणे बालवाडीच्या वेळेपुरते उरत नसे.

भाषेचेही तसेच. वारली मूल घरी वारली बोलते. पहिल्याच दिवशी पुस्तकी मराठी कानावर आदळली की ते गप्प होते आणि गप्प मुलाला शाळा मंद ठरवते. केंद्राने मुलाच्या बोलीला बालवाडीत मान दिला आणि तिच्या आधाराने त्याला मराठीकडे नेले. ज्या समाजात लग्नचौक सुवासिनींच्या हातून लिहिला जातो, धवलेरी लग्न लावते, तारप्याच्या सुरावर सारा पाडा फेर धरतो, त्या समाजाचे मूल रिकामे येत नाही. रेषा, ताल, गाणे आणि गोष्ट घेऊनच ते येते. याच तालुक्यातल्या गंजाडचे जिव्या सोमा म्हशे यांनी वारली चित्रकला जगभर नेली आणि २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. ही कला कोणत्याही शाळेने शिकवलेली नव्हती, ती घराच्या भिंतीवर वाढली होती.

शिकवणाऱ्या बाया

अशा कामाला माणसे कुठून आणायची? पाड्यावर रोज चालत जाणारी, मुलांची शेंबडी नाके पुसणारी, आईशी तिच्या भाषेत बोलणारी शिक्षिका जाहिरात देऊन मिळत नाही. म्हणून प्रशिक्षण हा केंद्राचा दुसरा पाय झाला. बालसेविकांचे आणि पूर्वप्राथमिक शिक्षिकांचे वर्ग बोर्डी-कोसबाडला चालले, पुढे अध्यापक विद्यालयही झाले. राज्याच्या वेगवेगळ्या भागांतून स्त्रिया इथे शिकायला आल्या आणि आपापल्या गावी परत जाऊन बालवाड्या चालवू लागल्या.

प्रशिक्षणाची खरी शाळा पाडा हीच होती. सकाळी मुले गोळा करणे, घरोघर भेटी, आजारी मुलाला दवाखान्यापर्यंत पोहोचवणे, आईसभा घेणे हे करत करत त्या शिकल्या. यांतल्या अनेकींसाठी हे घराबाहेरचे पहिले काम आणि स्वतःची पहिली कमाई होती. कोणी परित्यक्ता, कोणी विधवा, कोणी घरातली पहिलीच शिकलेली मुलगी. अनुताईंनी त्यांच्यात स्वतःचे पूर्वीचे दिवस पाहिले असणार. ताराबाईंच्या ‘शिक्षणपत्रिका’ मासिकाचे संपादनही पुढे अनुताईंनी केले आणि कोसबाडचे अनुभव गावोगावच्या शिक्षकांपर्यंत पोहोचवले. ‘कोसबाडच्या टेकडीवरून’ या पुस्तकात त्यांनी या कामाची हकीकत स्वतः लिहून ठेवली आहे.

मुलापासून घरापर्यंत

३१ ऑगस्ट १९७३ रोजी ताराबाईंचे निधन झाले. १९६२ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले होते. त्यांच्यामागे केंद्राची धुरा अनुताईंनी सांभाळली. या काळात कामाचा परीघ मुलाकडून घराकडे आणि घरातल्या स्त्रीकडे वाढत गेला. तसे होणे अटळ होते. मुलाचे वजन वाढत नाही म्हणून चौकशी करावी तर आईलाच पुरेसे अन्न मिळत नाही असे दिसे. मूल गैरहजर का म्हणून जावे तर घरात दारूचा तंटा निघे. बालवाडी चालवायची तर आरोग्य, प्रौढशिक्षण, कुटुंबकल्याण, हाताला उद्योग या सगळ्यांत उतरावेच लागले.

अनुताईंच्या पुढाकाराने ठाणे जिल्हा स्त्री शक्ती जागृती समिती उभी राहिली आणि मूकबधिर मुलांच्या शिक्षणाचे कामही सुरू झाले. १९८२ मध्ये अनुताई आणि प्रा. रमेश पानसे यांनी ग्राममंगल ही संस्था स्थापन केली. डहाणू तालुक्यातल्या ऐने गावी आणि विक्रमगडला तिने बालशिक्षणाचे पुढचे प्रयोग केले. कोसबाडच्या मुळाला फुटलेली ही फांदी पुढे महाराष्ट्रभरच्या शिक्षकांना उपयोगी पडली. १९८४ मध्ये अनुताईंना पद्मश्री आणि १९८५ मध्ये जमनालाल बजाज पुरस्कार मिळाला.

तलासरीच्या बाजूला याच दशकांत वेगवेगळ्या विचारांच्या संस्थांनी शाळा आणि वसतिगृहे उभारली. किसान सभेच्या चळवळीतून आलेल्या आदिवासी प्रगती मंडळाने शिक्षणाचे काम हाती घेतले आणि गोदावरी परुळेकरांच्या नावाचे महाविद्यालय तलासरीत उभे राहिले. झरीच्या परिषदेला आलेल्या पिढीची नातवंडे तिथे पदवीपर्यंत पोहोचली. कोसबाडने लहान मुलापासून सुरुवात केली आणि तलासरीच्या वसतिगृहांनी मोठ्या मुलांना आधार दिला. या मुलुखाच्या शिक्षणाला दोन्हींची गरज होती.

अंगणवाडी देशाची झाली

२ ऑक्टोबर १९७५ रोजी केंद्र सरकारने एकात्मिक बालविकास सेवा योजना देशातल्या ३३ प्रकल्पांत सुरू केली. पूरक आहार, लसीकरण, आरोग्य तपासणी, संदर्भसेवा, आरोग्य व पोषणाचे शिक्षण आणि शालापूर्व शिक्षण या सहा सेवा एकाच ठिकाणी द्यायच्या ठरले आणि त्या ठिकाणाला अंगणवाडी म्हटले गेले. आज देशभर सुमारे १४ लाख अंगणवाड्या आहेत. बोर्डीच्या वस्तीत ज्या नावाने बालवाडी भरली, ते नाव आता प्रत्येक राज्याला ठाऊक आहे. एखाद्या खेड्यातल्या संस्थेला याहून मोठे श्रेय क्वचितच लाभते.

डहाणू-तलासरीच्या पाड्यावर आज अंगणवाडी हेच प्रत्यक्षातले समाजकेंद्र आहे. लसीकरणाच्या दिवशी नर्सताई तिथेच येतात. बाळाचे वजन तिथेच होते. २०१५ पासून डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम अमृत आहार योजनेत गरोदर आणि स्तनदा मातांना एक वेळचे चौरस जेवण तिथूनच मिळते. कागद भरायचा, मुलाच्या जन्माची नोंद विचारायची, बाळंतपणासाठी कुठे जायचे ते ठरवायचे, की पाय अंगणवाडी सेविकेच्या दाराकडे वळतात. सेविका आणि मदतनीस या दोघी पाड्याच्याच असतात. त्यांना कोणाच्या घरी चूल पेटली नाही हे कळते. त्यांच्यावर नोंदवह्या आणि मोबाइलवरच्या माहितीचा भार वाढत गेला, मानधन मात्र त्या मानाने तोकडेच राहिले. मुलांसोबत गाण्यागोष्टींत घालवायचा वेळ त्यात कमी होतो आणि सहा सेवांपैकी शिक्षणाचीच सेवा मागे पडते. कोसबाडच्या वारशाचे हे नुकसान आहे आणि ते स्पष्टपणे सांगायला हवे.

नोव्हेंबर २०१८ पासून डहाणू आणि तलासरीत भूकंपाच्या धक्क्यांची मालिका सुरू झाली. धुंदलवाडी परिसरात लोकांनी थंडीच्या रात्री घराबाहेर, तंबूंत काढल्या. फेब्रुवारी २०१९ मध्ये मोठा धक्का बसला. भिंतींना तडे गेले आणि छताखाली बसायचीच भीती वाटू लागली. अशा दिवसांत मुलांना मोकळ्या जागेत एकत्र ठेवणे, त्यांना खेळात गुंतवणे, आयांना धीर देणे हे काम पाड्यावरच्या सेविका आणि शिक्षकच करू शकत होते. इमारत असुरक्षित झाली तरी माणसांचे जाळे उभे राहू शकते, हे त्या हिवाळ्यात दिसले.

पुढच्या वाटचालीसाठी

या इतिहासातून हाती काय येते? निधी आला की समाजमंदिर बांधले जाते, उद्घाटन होते आणि पुष्कळदा कुलूप लागते. कारण ती जागा कोणाच्या दिवसात कोणत्या वेळी बसणार, हे बांधण्यापूर्वी कोणी विचारलेले नसते. ताराबाई आणि अनुताई उलट टोकाकडून आल्या. त्यांनी आधी घराचा दिवस पाहिला, मग वेळ ठरवली, मग माणूस तयार केला आणि जागा शेवटी शोधली. म्हणून त्यांचे केंद्र अंगणातही चालले आणि कुरणातही.

आज घराचा दिवस बदलला आहे. गुरांमागे जाणारी मुले कमी झाली. पण दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर, बोटींवर, बांधकामांवर जाणारी कुटुंबे आहेत. त्यांच्यासोबत गेलेल्या मुलाचे नाव पाड्याच्या हजेरीपटावर असते आणि मूल भट्टीवर असते. पहाटे उंबरगावच्या किंवा बोईसरच्या कारखान्याकडे निघणारी आई आहे आणि अंगणवाडी तिच्या निघण्यानंतर उघडते. कुरणशाळा ज्या विचाराने सुरू झाली त्याच विचाराने भट्टीवरची शाळा आणि पहाटे उघडणारे पाळणाघर सुरू व्हायला हवे.

त्यासाठी अधिकारही आहे. दोन्ही तालुके अनुसूचित क्षेत्रात आहेत. १९९६ चा पेसा कायदा आणि राज्याचे २०१४ चे नियम यांमुळे पाड्यालाही स्वतःची ग्रामसभा मिळू शकते. अंगणवाडीची वेळ लावणीच्या हंगामात कोणती असावी, पाळणाघर कोणाच्या अंगणात भरावे, बालवाडीत वारली गाणी कोणी शिकवावीत, गावातली कोणती मुलगी प्रशिक्षणाला पाठवावी, हे ठराव त्या ग्रामसभेने करावेत. त्या बैठकीत सगळ्यात आधी तान्ह्या मुलांच्या आयांना बोलू द्यावे. ग्राम बाल शिक्षा केंद्राने ८० वर्षांपूर्वी काम सुरू केले ते त्यांची अडचण ऐकून. त्या कामाचा सन्मान करायचा तर डहाणू आणि तलासरीच्या प्रत्येक पाड्याने ते ऐकणे पुन्हा सुरू करावे, आणि जे ऐकले त्याप्रमाणे आपल्या केंद्राची वेळ, जागा आणि भाषा ठरवावी.